वीज काढलेले पाणी

इस्लापूरहून सहस्रकुंडाचा धबधबा जवळ आहे. गाव नांदेड जिल्ह्याच्या किनवट तालुक्यातले. पैनगंगा ओलांडली की यवतमाळ जिल्हा लागतो. नदी येथे काळ्या खडकातल्या असंख्य फटींतून एकदम खाली उडी घेते. उन्हाळ्यात नुसता खडक दिसतो. पावसाळ्यात, किंवा वर इसापूरच्या धरणातून पाणी सोडले म्हणजे, शेजारच्या माणसाचे बोलणेही ऐकू येत नाही.

एका पावसाळ्यात या भागातील काही विज्ञान शिक्षकांबरोबर आम्ही दोन दिवस तेथे होतो. विषय होता विद्युतचुंबकत्वाचे प्रयोग. पहिल्याच दिवशी दोन प्रसंग घडले आणि ठरवलेला सगळा कार्यक्रम बाजूला राहिला.

सकाळी नववीतल्या एका मुलाने आपले यंत्र आणून दाखवले. जुन्या टेपरेकॉर्डरमधून काढलेल्या दोन लहान मोटारी त्याने फळीवर समोरासमोर बसवल्या होत्या. त्यांचे दांडे रबरी नळीच्या तुकड्याने एकमेकांना जोडले होते आणि एकीच्या तारा दुसरीला. पहिली मोटर हाताने फिरवली की ती वीज तयार करणार, त्या विजेवर दुसरी फिरणार, आणि दुसरी पुन्हा पहिलीला फिरवणार. ‘‘एकदा फिरवलं की थांबायचं कारणच नाही,’’ असे त्याचे म्हणणे. यंत्र अर्थातच लगेच थांबले. पोरगा काही खचला नाही. ‘‘सर, मोटर हलकी आहे. चांगली मिळाली तर फिरत राहील,’’ म्हणाला. आमच्यातला एक जण हसला. ते हसणे बरोबर नव्हते, हे आम्हाला रात्री जाणवले.

ज्यांनी तालुका पातळीवरच्या विज्ञान प्रदर्शनात परीक्षक म्हणून काम केले आहे, त्यांना हे यंत्र ओळखीचे असेल. ‘फुकट वीज’ या नावाने ते कोणत्या ना कोणत्या शाळेकडून येतेच. अलीकडे त्याच्या जोडीला मोबाइलवरचे व्हिडिओ आले आहेत: पंख्याला चार चुंबके चिकटवली आणि पंखा अखंड फिरत राहिला, बल्बही लागला. टेबलाखाली लपवलेली बॅटरी चित्रात येत नाही.

दुसरा प्रसंग संध्याकाळचा, धबधब्यापाशीचा. निवृत्तीला आलेले एक गुरुजी बरोबर होते. पाण्याकडे बघत ते म्हणाले, ‘‘आमच्याकडची जुनी माणसं म्हणायची, वीज काढून घेतली की पाण्यातला कस जातो. असलं पाणी पिकाला लागू होत नाही. पोरांनी विचारलं तर काय सांगावं?’’

आम्ही ठरावीक उत्तर दिले. पाणी तेच असते, त्यातून काहीही काढून घेतलेले नसते, ही अंधश्रद्धा आहे. गुरुजींनी मान डोलावली आणि शांतपणे विचारले, ‘‘मग वीज आली कशातून?’’

मुलाला वाटते काहीच खर्ची पडत नाही. जुन्या माणसांना वाटते काहीतरी नक्की जाते. आमच्या मते या दोघांत जुनी माणसे सत्याच्या अधिक जवळ होती. हे आम्ही का म्हणतो, ते सांगायला दोनशे वर्षे मागे जावे लागेल.

सुईची थरथर

विजेपासून चुंबकत्व मिळते, हे डेन्मार्कच्या ओर्स्टेडने १८२० साली दाखवले. मग चुंबकापासून वीज मिळेल का, या प्रश्नामागे सगळे लागले. जिनिव्हाच्या कोलादाँची गोष्ट मुलांना जरूर सांगावी. १८२५ साली त्याने तारेचे वेटोळे आणि जबरदस्त चुंबक घेतले. चुंबकाचा थेट परिणाम गॅल्व्हानोमीटरच्या सुईवर होऊ नये म्हणून ते उपकरण त्याने लांब दुसऱ्या खोलीत ठेवले. मदतीला कोणी नव्हते. चुंबक वेटोळ्यात घालायचे आणि चालत जाऊन सुई बघायची. तो पोहोचेपर्यंत सुई हलून पुन्हा जागेवर आलेली असे. चुंबक हलत असतानाच धारा वाहते, स्थिर झाल्यावर नाही. एक पोरगा मदतीला असता तर कदाचित हा शोध जिनिव्हाच्या नावावर लागला असता.

मायकेल फॅरेडेला तो मिळाला १८३१ च्या ऑगस्टमध्ये, लोखंडी कड्यावर गुंडाळलेल्या दोन वेटोळ्यांतून. ऑक्टोबरात त्याने पोकळ वेटोळ्यात दांडीचुंबक खुपसून सुई हलवून दाखवली. त्याच महिन्यात तांब्याची चकती चुंबकाच्या ध्रुवांमध्ये फिरवून सतत वाहणारी धारा मिळवली. पुढच्याच वर्षी पॅरिसमध्ये पिक्सी याने हाताने फिरवायचे जनित्र बनवले.

फॅरेडे हाडाचा शिक्षक होता. लंडनच्या रॉयल इन्स्टिट्यूशनमध्ये १८२५ पासून नाताळात मुलांसाठी व्याख्यानमाला होते; त्यातल्या एकोणीस माला त्याने एकट्याने दिल्या. चुंबकत्वावरच्या व्याख्यानात तो मोठ्या विद्युतचुंबकावर शेगडीतली लोखंडी सळई, चिमटा, कोळशाची बादली भिरकावी आणि ते सारे चुंबकाला जाऊन चिकटे, असे सांगतात. मुले काय खूश होत असतील! प्रयोग नाट्यमय असावा, याबद्दल आमचे दुमत नाही. पण नाट्य कशाचे, हेही बघायला हवे.

दांडीचुंबक आणि वेटोळे हा प्रयोग आपण सगळेच करतो. आम्हीही वर्षानुवर्षे केला. सुई हलते, मुले टाळ्या वाजवतात, आणि आपण फळ्यावर लिहितो: ‘विद्युतधारा प्रवर्तित झाली’. एकदा एका मुलीने विचारले होते, ‘‘असं पुष्कळ वेळा केलं तर चुंबक संपेल का?’’ आम्ही ‘नाही’ म्हणालो आणि पुढे गेलो. चुंबक संपत नाही, तार संपत नाही, तरी वीज येते. मग फुकटच आली, असे मुलांनी समजले तर दोष कोणाचा? इस्लापूरच्या त्या मुलाचे यंत्र खरे तर आमच्यासारख्यांच्या शिकवण्यातूनच जन्मले होते.

या प्रयोगात खर्ची पडते ती हाताची मेहनत. सेंट पीटर्सबर्गच्या लेंझने १८३४ साली नियम मांडला: प्रवर्तित धारा नेहमी तिला जन्म देणाऱ्या हालचालीला विरोध करते. उत्तर ध्रुव आत नेला की वेटोळ्याचे तोंडही उत्तर ध्रुव बनते आणि चुंबकाला बाहेर ढकलते. हा विरोध मोडून चुंबक आत न्यायला जे जादा कार्य करावे लागते, तेच विजेच्या रूपाने तारेत उतरते. पण शाळेतले चुंबक दुबळे आणि धारा नाममात्र; हा विरोध हाताला जाणवतच नाही. सुई डोळ्यांना दिसते, किंमत मात्र हाताला कळत नाही.

दारूभट्टीवाल्याचा मुलगा

ही किंमत मोजली जेम्स जूलने. मँचेस्टरजवळच्या सॅलफर्डमध्ये त्याच्या वडिलांची बिअरची भट्टी होती. १८३८ साली, वयाच्या एकोणिसाव्या वर्षी, जूल विद्युतचुंबकी मोटर बनवण्याच्या नादात होता. भट्टीतल्या वाफेच्या इंजिनाऐवजी मोटर बसवली तर कोळशाचा खर्च वाचेल, आणि चुंबके वाढवत गेलो तर शक्तीही हवी तेवढी वाढवता येईल, अशी त्याची आशा होती. म्हणजे आमच्या नववीतल्या मुलाचीच जातकुळी. फरक इतकाच की जूल प्रत्येक गोष्ट मोजायचा.

मोजल्यावर आशा मावळली. मोटर वेगाने फिरू लागली की तीच स्वतः जनित्रासारखी वागते आणि बॅटरीच्या धारेला विरोध करते. बॅटरीत एक पौंड जस्त जाळून जेवढे काम मिळे, ते चांगल्या वाफेच्या इंजिनात एक पौंड कोळसा जाळून मिळणाऱ्या कामाच्या जेमतेम पाचवा हिस्सा भरे. आणि जस्त कोळशापेक्षा महाग. दुसरा एखादा येथेच थांबला असता. जूलने प्रश्न उलटा केला: फुकट मिळत नाही हे ठीक, पण मग नेमके काय देऊन काय मिळते?

१८४३ सालचा त्याचा प्रयोग शाळेत फारसा सांगितला जात नाही. पाठ्यपुस्तकात येते ते पाणी घुसळणारे वल्हीचाक. त्याआधीचा हा प्रयोग विद्युतचुंबकत्वाचा होता. पाण्याने भरलेल्या काचेच्या नळीत तारेचे लहान वेटोळे ठेवून ती नळी त्याने शक्तिमान विद्युतचुंबकाच्या ध्रुवांमध्ये गरगर फिरवली. वेटोळ्यात धारा प्रवर्तित झाली, तिने तार तापली, तारेने पाणी तापवले. नळी फिरवण्यासाठी दोरीला वजने बांधून ती उंचावरून खाली सोडली. एका टोकाला वजन किती खाली आले ते मोजायचे, दुसऱ्या टोकाला पाणी किती तापले ते मोजायचे. मध्ये सारा मामला विजेचा. वजनाचे पडणे आणि पाण्याचे तापणे यांचे प्रमाण जवळजवळ ठरलेले निघाले. त्याच वर्षी आयर्लंडमधील कॉर्क येथे शास्त्रज्ञांच्या सभेत त्याने हे मांडले, तेव्हा कोणी फारशी दखल घेतली नाही.

पुढच्या सात-आठ वर्षांत त्याने आकडा पक्का केला. आपल्या मापात सांगायचे तर एक किलोग्रॅम पाण्याचे तापमान एक अंश सेल्सिअसने वाढवण्यासाठी जेवढे कार्य लागते, तेवढ्यात तेच पाणी सुमारे ४२७ मीटर उंच उचलता येईल. उलट, ४२७ मीटर उंचीवरून पडलेले पाणी खाली आपटून शांत झाल्यावर एक अंशाने अधिक गरम असायला हवे. जूलने हेच म्हटले होते. नायगाराच्या तळाचे पाणी वरच्यापेक्षा फॅरनहाइटच्या एक पंचमांश अंशाने गरम असेल, असे त्याने १८४५ साली लिहिले. १८४७ साली तो लग्नानंतर आल्प्सच्या सफरीवर गेला. विल्यम थॉमसन, म्हणजे पुढचे लॉर्ड केल्व्हिन, यांना तो वाटेत भेटला. थॉमसन यांनी उतारवयात सांगितलेल्या आठवणीनुसार जूलच्या हातात लांबलचक तापमापी होती आणि धबधब्याचे वरचे व खालचे तापमान तो मोजणार होता. दोघांनी मिळून एका धबधब्यावर प्रयत्नही केला, पण तुषारांमुळे काही जमले नाही.

आता गुरुजींच्या प्रश्नाकडे येऊ. सहस्रकुंडाची उडी हिशोबासाठी दहा मीटर धरा. तेथे आपटलेले पाणी ०.०२३ अंशाने गरम व्हायला हवे. तेच पाणी आपटू न देता नळातून टर्बाइनवर सोडले, तर टर्बाइन फिरते, जनित्र फिरते, आणि जनित्रातल्या धारेचा विरोध पाण्याला ढकलत राहावे लागते. त्यात पाण्याची पडण्याची ऊर्जा जाते. बाहेर आलेले पाणी संथ असते आणि जी किंचित ऊब त्याला मिळायची, ती बहुतेक सगळी तारेतून गावाकडे गेलेली असते. क्षार तेच, गाळ तोच, पिकाला लागू होण्याचा गुण तोच. गेले आहे ते उंचीचे देणे.

दुसऱ्या दिवशी हे सांगितल्यावर गुरुजी म्हणाले, ‘‘म्हणजे कस नाही गेला. ऊब गेली.’’ आम्हाला इतके नेमके वाक्य सुचले नसते.

हाताला कळेल असे

जूलचे काम आकड्यांचे. सभागृहात बसलेल्यांना ते दिसण्यासारखे नव्हते. ते दृश्य केले फुकोने, ज्याचा लंबक प्रसिद्ध आहे. १८५५ साली त्याने तांब्याची चकती दातेरी चाकांच्या साहाय्याने विद्युतचुंबकाच्या ध्रुवांमध्ये वेगाने फिरवली. चुंबकाची वीज बंद असताना चकती सहज फिरे. वीज सुरू केली की कोणी अदृश्य हाताने धरल्यासारखी थांबे. तरीही जोर लावून फिरवत राहिले तर चकती तापे. चकतीत भोवऱ्यांसारख्या धारा उठतात, त्या हालचालीला विरोध करतात, आणि हाताचा जोर त्यांच्यामार्फत उष्णतेत जातो. लंडनमध्ये टिंडलने त्यावर कळस चढवला. लवकर वितळणारा मिश्रधातू भरलेली नळी त्याने अशाच चुंबकात फिरवली आणि वितळलेला धातू श्रोत्यांसमोर ओतून दाखवला. आग कोठेही नाही; फक्त फिरवणारा हात आणि चुंबक. आमच्या मते विद्युतचुंबकत्वाच्या इतिहासातला सर्वात प्रामाणिक नाट्यप्रयोग हाच.

तारेतून गेलेले तीन धबधबे

यानंतरची नाटके प्रदर्शनांच्या मांडवात झाली, आणि योगायोग असा की तीन मोठ्या प्रदर्शनांत धबधबाच होता.

पहिला व्हिएन्नाला, १८७३ साली. ग्राम कंपनीची दोन यंत्रे तेथे मांडली होती. गॅसच्या इंजिनावर चालणारे एक वीज तयार करी. दुसरे मोटर म्हणून चालवायचे होते. फोंतेन या अभियंत्याने दोन्ही यंत्रे सुमारे एक किलोमीटर लांब तारेने जोडली. दुसरे यंत्र फिरू लागले, त्याने पंप चालवला आणि छोटा कृत्रिम धबधबा वाहू लागला. एका कामगाराने चुकून तारा जोडल्यामुळे हे घडले, अशी दंतकथा पुस्तकांत सापडते; तीवर फार विसंबू नये. महत्त्वाचे ते एवढेच की जनित्र आणि मोटर ही दोन वेगळी यंत्रे नाहीत, हे साऱ्यांनी पाहिले. दांडा फिरवा, वीज मिळेल. वीज द्या, दांडा फिरेल.

दुसरा म्युनिकला, १८८२ साली. ५७ किलोमीटरवरच्या मीसबाख गावातून तारायंत्राच्या लोखंडी तारेने वीज आणली आणि प्रदर्शनात अडीच मीटरभर उंचीचा धबधबा चालवला. निम्म्याहून खूप अधिक ऊर्जा वाटेतच तार तापवण्यात आणि यंत्रांत गेली. ही उधळण कशी कमी करावी हे ठाऊक होते: विभवांतर वाढवायचे. तेवढीच शक्ती पाठवायची असेल तर विभवांतर दहापट केल्यावर धारा दशांश लागते आणि तारेतली उष्णता शतांश होते. एकदिश धारेचे विभवांतर त्या काळी सहज वाढवता येत नव्हते. प्रत्यावर्ती धारेचे रोहित्राने येते, आणि रोहित्र म्हणजे फॅरेडेचे १८३१ चे लोखंडी कडेच.

तिसरा धबधबा फ्रँकफुर्टला, १८९१ साली. येथे मात्र दोन्ही टोकांना पाणी होते. नेकार नदीवरच्या लाउफेन गावी पाण्यावर जनित्र फिरले. रोहित्राने विभवांतर १५,००० व्होल्टपर्यंत वाढवून सुमारे १७५ किलोमीटर तारेने त्रिकला धारा प्रदर्शनात आली. तेथे हजार दिवे लागले आणि मोटरच्या पंपाने दहा मीटर उंचीचा धबधबा कोसळू लागला. नेकारचे एक थेंबही पाणी तेथे आले नव्हते. आले होते ते नेकारचे पडणे. दिलेल्या ऊर्जेपैकी सुमारे तीन-चतुर्थांश पोहोचली, असे मोजमापात निघाले. म्हणजे पाव हिस्सा वाटेत गेला, आणि संयोजकांनी तो आकडा लपवला नाही. म्युनिक व फ्रँकफुर्टचे प्रयोग ज्यांच्या पुढाकाराने झाले, त्या ओस्कार फोन मिलर यांनी पुढे म्युनिकला डॉइचेस म्युझियम उभे केले. पाहणाऱ्याने स्वतः दांडा फिरवावा अशी उपकरणे तेथे ठेवण्यावर त्यांचा भर होता.

खोपोली, मुळशी, पैठण

फ्रँकफुर्टनंतर चोवीस वर्षांनी, १९१५ साली, हाच प्रयोग आपल्या सह्याद्रीत झाला, आणि तो प्रदर्शनापुरता नव्हता. लोणावळा, वळवण आणि शिरवता येथल्या तलावांचे पाणी टाटांच्या कंपनीने घाट उतरवून पाचशे मीटरहून अधिक खाली खोपोलीला आणले. तेथून सुमारे एक लाख व्होल्टच्या तारांनी वीज मुंबईच्या कापड गिरण्यांना गेली. वरचा हिशोब येथे लावून पाहा: हे पाणी तसेच कोसळते तर सव्वा अंशाने तापले असते. ही ऊब साध्या तापमापीलाही दिसली असती.

येथे जुन्या माणसांच्या संशयाला दुसरीही एक बाजू आहे, आणि ती भौतिकशास्त्राच्या पुस्तकात सापडत नाही. मावळातले हे पाणी मुळात पूर्वेकडे, इंद्रायणीतून भीमेकडे जाणारे. विजेसाठी ते पश्चिमेला कोकणात वळवले. वीज काढलेले पाणी खाली कोकणात मिळाले, पण वरच्या नदीकाठाला ते मिळाले नाही. पुढे मुळशीच्या धरणात शेते आणि गावे बुडणार म्हणून १९२१ साली सत्याग्रह उभा राहिला. सेनापती बापट त्याचे नेते. धरण झालेच. म्हणून कोणी शेतकरी ‘विजेसाठी आमचे काहीतरी गेले’ म्हणतो, तेव्हा आधी कोणते धरण, कोणती नदी, हे विचारावे. अंधश्रद्धेचा शिक्का नंतर.

मराठवाड्यात पाण्याची वीज थोडी. परळीच्या केंद्रात १९७१ पासून कोळशावर वीज होऊ लागली, आणि तेथेही पाण्यावाचून चालत नाही. टर्बाइनमधून बाहेर पडणारी वाफ थंड करायला पाणी लागते. २०१३ च्या दुष्काळात कोळसा असूनही पाण्याअभावी ते केंद्र बंद ठेवावे लागले. पाण्याची वीज म्हणाल तर पूर्णेवर येलदरी आहे आणि गोदावरीवर पैठण. पैठणचा १२ मेगावॅटचा संच मुलांना अवश्य सांगावा. जायकवाडीचे पाणी खाली सोडताना तो जनित्र म्हणून फिरतो. विजेची मागणी कमी असेल तेव्हा खाली अडवलेले पाणी मोटर होऊन पुन्हा वर चढवावे, अशा बेताने तो बांधला. अहिल्यानगर जिल्ह्याच्या सीमेवर घाटघरला २००८ साली अशाच पद्धतीचे २५० मेगावॅटचे केंद्र सुरू झाले.

आमच्या नववीतल्या मुलाचे यंत्र आणि घाटघरचे यंत्र यांत कल्पना एकच आहे. जनित्र आणि मोटर, एक दुसऱ्याला फिरवणारे. पण घाटघरच्या अभियंत्यांना ठाऊक असते की पाणी वर चढवायला चार युनिट घातले तर ते खाली आणताना साधारण तीनच परत मिळतात. रात्रीची स्वस्त वीज संध्याकाळी वापरता यावी म्हणून ते एक युनिट खर्ची घालतात. व्हिएन्नाहून चांगली यंत्रे आली, फ्रँकफुर्टहून आली, तूट पुष्कळ कमी झाली. शून्य कोणालाही करता आलेली नाही.

सायकल आणि दोऱ्याचे रीळ

दुसऱ्या दिवशी सकाळी एका शिक्षकांची जुनी सायकल अंगणात उलटी उभी केली. मागच्या चाकाला डायनामो होता. अशा सायकली आता कमी झाल्या आहेत; भंगारवाल्याकडे डायनामो मिळतो. रीत अशी. डायनामो टायरला टेकवून ठेवायचा, पण बल्बची तार काढायची. पेडल ठरावीक तालात फिरवून हात सोडायचा आणि चाक थांबेपर्यंत फेरे मोजायचे. मग तार जोडून, बल्ब लागत असताना, त्याच तालात तेच करायचे. दोन्ही वेळा डायनामो टेकलेलाच हवा. नाही तर घासण्यामुळे झालेला फरक आपण विजेच्या खात्यावर मांडू. आम्ही पहिल्या खेपेस नेमकी हीच चूक केली होती आणि एका शिक्षिकेने ती पकडली.

बल्ब लागत असताना फेरे कमी भरले. तीन-तीनदा मोजले, तरी कमीच. मग एकेकाने डोळे मिटून पेडल फिरवले. दुसऱ्याने मध्येच तार जोडली किंवा काढली. फिरवणाऱ्याने न बघता सांगायचे, बल्ब लागला की विझला. बहुतेकांना सांगता आले. सुईच्या थरथरीने जे कळले नव्हते, ते दंडाला कळले.

त्या मुलाच्या मोटारींचा उपयोग याहून चांगला झाला. रबरी नळी काढून टाकली. एका मोटरच्या दांड्यावर दोऱ्याचे रिकामे रीळ घट्ट बसवले, दोरा गुंडाळला, टोकाला लहानसा दगड बांधला आणि फळी टेबलाच्या कडेला धरली. मोटरची दोन टोके मोकळी ठेवली तर दगड झरझर खाली आला. दोन्ही टोके एकमेकांना जोडली तर तोच दगड रेंगाळत, जणू मधातून, उतरला. जूलची पडणारी वजने ती हीच. टोके जोडल्यावर मोटरमध्ये धारा वाहते, ती दगडाला अडवते, आणि दगडाची पडण्याची ऊर्जा तारेच्या उबेत जाते. शाळेत करायचे असेल तर एवढेच साहित्य पुरते. घरातल्या विजेच्या प्लगशी मात्र यातले काहीही जोडू नये.

मुलाने ते पंधरा-वीस वेळा केले. मग त्याने टोकांना दुसरी मोटर जोडली. दगड उतरू लागला, दुसरी मोटर फिरू लागली. दुसरीवरही रीळ बसवून त्याने तिला दगड लावला. दुसरा दगड वर चढतो का, ते त्याला बघायचे होते. तेवढाच दगड चढेना. त्याने लहान घेतला, मग त्याहून लहान. शेवटी खडूचा तुकडा बांधला, तेव्हा तो चढला. वहीत त्याने दोन रकाने आखले: खाली काय गेले, वर काय आले. ‘चांगली मोटर’ हा विषय त्याने पुन्हा काढला नाही. मात्र कोणत्या मोटरला मोठा खडू चढतो हे बघायचे, म्हणून दुसऱ्या टेपरेकॉर्डरची चौकशी करू लागला.

दुपारी तो प्रयोगशाळेतली तापमापी घेऊन आमच्याबरोबर धबधब्यावर आला. ०.०२३ अंशाचा हिशोब त्याने ऐकला होता. त्या तापमापीवर एकेका अंशाच्या रेघा होत्या. जूलच्या तापमाप्या मँचेस्टरच्या डान्सर नावाच्या कारागिराने खास बनवलेल्या असत आणि त्यांवर अंशाचा दोनशेवा भाग वाचता येई, हे आम्ही त्याला सांगितले. तरीही त्याने वरच्या डोहात आणि खालच्या डोहात ती बुडवली. दोन्हीकडे पारा त्याच रेघेवर. खाली वाचताना तुषारांनी वही भिजली आणि सकाळचे रकाने पुसट झाले. ते त्याने इस्लापूरला परतल्यावर पुन्हा लिहून काढले.